नवरा, क्रोशा आणि रोजचं ट्रॅफिक

नवऱ्याचं एक गुपित मला कळलं असं मैत्रिणींपैकी कुणाला सांगायला घेतलं की समोरचीचा चेहरा आधी पडतो, ती खुर्ची जवळ ओढते, आवाज खाली आणते, आणि मग मी सांगते की तो क्रोशा करतो. झालं, लगेच हसू. "हात्तिच्या, एवढंच ना!" हे इतक्या जणींकडून ऐकलंय की आता मीच ते त्यांच्या आधी म्हणून टाकते. एवढंच. बाई नाही, दारू नाही, जुगार नाही, कर्ज नाही, लोकर. मलाही पहिल्यांदा हायसंच वाटलं होतं, उगाच खोटं कशाला बोलू. त्रास झाला तो नंतर, आणि तो का झाला हे तोंडी कुणाला धड समजावता येत नाही, मध्येच लोक हसतात, म्हणून लिहून काढतेय.

(त्याला विचारून लिहितेय. नाव घालायचं नाही या अटीवर हो म्हणाला, वर "शुद्धलेखन बघ" असंही म्हणाला.)

सापडलं ते अगदी साधं. टायर पंक्चर झालं, मी एकटी होते, डिक्कीतली स्टेपनी काढायला गेले तर तिच्या खाचेत एक कापडी पिशवी कोंबलेली. आत लोकरीचे गुंडे, एक छोटी वही, एक अर्धवट विणलेला चौकोन, त्याचा शेवटचा टाका उसवू नये म्हणून अडकवलेली सेफ्टी पिन, आणि सुई. ॲल्युमिनियमची निळी सुई होती, पण जिथे अंगठा टेकतो तिथला निळा रंग पार उडून खालचा पांढरा धातू दिसत होता, आणि तेवढा भाग हाताला गुळगुळीत लागत होता. मला क्रोशातलं ओ की ठो कळत नाही, पण एवढं कळतं की महिनाभरात सुईचा रंग असा जात नाही, त्याला वर्षं लागतात. वही उघडली तर अक्षर ओळखीचं. "६ साखळ्या, जोडून गोल. ३ साखळ्या, २ खांब, २ साखळ्या, ३ खांब..." असं पानंच्या पानं (साखळी, खांब ही टाक्यांची नावं), मध्ये कुठे "कोपरा चुकला, उसव" असं स्वतःलाच दिलेलं फर्मान. मी त्या रस्त्याच्या कडेला उभी राहून ते वाचत होते आणि टायर राहिला बाजूला.

घरी आल्यावर विचारलं तर पहिलं वाक्य काय, "अगं, सांगणारच होतो." हे वाक्य बहुतेक सगळे नवरे आणि सगळ्या बायका म्हणत असणार.

तर सांगायची गोष्ट अशी की वडील आजारी असताना हॉस्पिटलच्या वेटिंग रूममध्ये तासन्‌तास बसावं लागायचं, तिथे शेजारी एक वयस्कर बाई विणत बसायच्या, त्यांच्या हातांकडे बघताना याचं डोकं शांत व्हायचं म्हणे, मग घरी येऊन व्हिडिओ बघून बघून शिकला. वडील गेले, विणणं राहिलं. ऑफिसमधून निघाल्यावर बिल्डिंगच्या मागच्या बाजूला गाडी लावून अर्धा-पाऊण तास विणायचा आणि मग वर यायचा. उशीर का झाला विचारलं की उत्तर ठरलेलं, ट्रॅफिक. बास. या "ट्रॅफिक" शब्दापाशी माझी गाडी अडकली ती अजून पूर्ण सुटलेली नाही.

कारण असं बघा, क्रोशा करतो हे त्याने नुसतं सांगितलं नसतं तर मला काहीही वाटलं नसतं. माणसाचं डोकं म्हणजे काय धर्मशाळा आहे का, कुणीही कधीही यावं. माझेही विचार असतात, जुन्या आठवणी असतात, त्या मी त्याच्यासमोर रोज पसरून बसत नाही. पण न सांगितलेली गोष्ट तशीच टिकवायची तर तिच्याभोवती सांगितलेल्या गोष्टी उभ्या कराव्या लागतात. ट्रॅफिक होतं. मीटिंग लांबली. पेट्रोल भरायला थांबलो. आणि या सगळ्या त्यानं माझ्याकडे बघून, चपला काढता काढता, इतक्या सहज सांगितल्या होत्या की मला त्यांतलं एकही वाक्य आठवत सुद्धा नाही. तेच तर दुखतं. मोठं खोटं निदान लक्षात राहतं हो, हे असं जाता जाता सांगितलेलं कुठे शोधणार?

मग डोकं मागे जायला लागतं. त्या दिवशी माझा ताप वाढला होता आणि हा उशिरा आला, ते काय होतं? मुलीच्या शाळेतल्या कार्यक्रमाला शेवटी शेवटी पोचला तेव्हा? तो म्हणतो ते दोन्ही वेळा खरंच ट्रॅफिक होतं, आणि माझा विश्वासही बसतो, पण आता तो बसवावा लागतो. आधी तो आपोआप बसलेला असायचा. फरक एवढाच आहे, आणि तो "एवढंच ना" म्हणणाऱ्यांना कळत नाही.

हे आपोआपचं प्रकरण मी नंतर थोडं वाचलं. टिमोथी लिव्हाइन म्हणून एक संशोधक आहेत, त्यांनी २०१४ मध्ये मांडलेली थिअरी अशी की माणूस समोरच्याचं बोलणं मुळात खरंच धरून चालतो, शंका घ्यायला काहीतरी ठोस कारण लागतं, आणि हे भाबडेपण नाही, याच्याशिवाय माणसांचं एकमेकांशी चालणारच नाही. रोज प्रत्येक वाक्य तपासत बसलो तर संसार कधी करणार? आणि तपासलं तरी उपयोग काय, २००६ मध्ये बॉन्ड आणि डीपाउलो यांनी दोनशेच्या वर अभ्यास एकत्र करून बघितलं होतं तर खोटं ओळखण्यात लोकांची सरासरी आली ५४ टक्के, म्हणजे नाणं उडवून सांगितलं तरी जवळपास तेवढंच. "मला ना याच्या डोळ्यांत बघितलं की लगेच कळतं" म्हणणाऱ्या समस्त बायकांनी हा आकडा लिहून ठेवावा. मीही त्यांतलीच होते.

दुसरं एक वाचलं ते जास्त लागलं. कोलंबिया युनिव्हर्सिटीतल्या मायकेल स्लेपियन यांनी गुपितांवर बरंच काम केलंय, २०१७ च्या त्यांच्या अभ्यासात लोकांची तेरा हजारांच्या वर गुपितं तपासली होती. गुपितांचे ३८ प्रकार केले, आणि त्यात चोरी आहे, फसवणूक आहे, व्यसन आहे, आणि चक्क छंदही आहे. एका माणसाकडे या यादीतली सरासरी तेरा गुपितं असतात, त्यातली पाच कुणालाच कधी सांगितलेली नसतात. पण खरी मेख पुढे आहे. आपल्याला वाटतं गुपिताचा त्रास म्हणजे कुणी विचारलं की टाळाटाळ करावी लागते तो. तर तसे प्रसंग फार येतच नाहीत, माणूस एकटा असताना त्याचं मन पुन्हा पुन्हा त्या गुपिताकडे जातं ते कितीतरी जास्त वेळा होतं, आणि त्रास त्यानेच होतो.

हे मी त्याला वाचून दाखवलं. तो जरा वेळ गप्प बसला आणि म्हणाला, गाडीत काही नाही वाटायचं, घरात वाटायचं. मी शेजारी बसून काहीतरी सांगत असायचे आणि याच्या डोक्यात एकीकडे खांब मोजणं चालू आणि दुसरीकडे डिक्कीतली पिशवी नीट सरकवली का. आणि मी इतकी वर्षं समजत होते की याला माझं बोलणं कंटाळवाणं वाटतं! किती वेळा चिडलेय मी त्यावरून. "काय म्हणालीस?" असं त्यानं विचारलं की माझं डोकं फिरायचं, आणि त्या भांडणांमध्ये मी चुकीच्या गोष्टीशी भांडत होते, कारण बरोबर गोष्ट मला ठाऊकच नव्हती. गुपित असलेल्या घरात हे असं होत असावं, दुसऱ्या माणसाला परिणाम दिसतात पण कारण दिसत नाही, मग तो स्वतःच्या मनाने एक कारण लावून घेतो, आणि ते बहुतेक वेळा खऱ्यापेक्षा वाईटच असतं.

आता त्याची बाजू. लपवलं का? शाळेत असताना हस्तकलेच्या तासाला यानं रुमालावर टाके घातले होते आणि ते चांगले जमले होते, त्यावरून वर्गातली पोरं वर्षभर चिडवत होती. तो सांगताना हसत होता पण मला नाही हसू आलं. दुसरं म्हणजे ते वडिलांच्या आजारपणाशी जोडलेलं होतं, कुणी त्यावर काही बोलावं असं त्याला नको होतं, चांगलंसुद्धा नको होतं. हे मला समजतं. खरंच समजतं. काही गोष्टी उजेडात आणल्या की त्यांचं काहीतरी कमी होतं असं वाटत राहतं.

आणि लपवण्यात एक गंमतही असते, ती त्यानं नंतर कबूल केली. डॅनियल वेग्नर या मानसशास्त्रज्ञाने १९९४ मध्ये यावर एक भन्नाट प्रयोग छापला होता. टेबलावर चार अनोळखी माणसं पत्ते खेळतायत, दोन जोड्या, आणि एका जोडीला सांगितलं की टेबलाखालून पायाला पाय लावून ठेवायचे, दुसऱ्यांना कळू न देता. ज्यांनी हे गुपचूप केलं त्यांना नंतर एकमेकांचं आकर्षण जास्त वाटलं, आणि जिथे सगळ्यांना माहीत होतं तिथे तसं नाही. म्हणजे पाय तेच पण लपवण्याने गोडी आली. नवऱ्याचं म्हणणं, पिशवी सापडल्यावर काही आठवडे त्याला विणावंसंच वाटत नव्हतं. हॉलमध्ये, दिव्याखाली, सगळ्यांसमोर बसून विणायला लागला तर एकदम गृहपाठ केल्यासारखं वाटायला लागलं त्याला. मला याचं वाईट वाटलं आणि थोडा रागही आला, म्हणजे आता यासाठीही मीच जबाबदार की काय?

जबाबदारीवरून आठवलं. माझी एक जवळची मैत्रीण, तिला सगळं सांगितल्यावर म्हणाली, "तूच कधीतरी हसली असशील बघ, माणूस उगाच लपवत नाही." हे वाक्य मी बरेच दिवस मनात घोळवलं. कारण त्यात तथ्य असू शकतं. शेली गेबल यांचं काम आहे यावर, जोडीदार चांगली बातमी घेऊन आला की आपण कसं वागतो याचे त्यांनी चार प्रकार केलेत. मनापासून रस घेऊन चार प्रश्न विचारणं, नुसतं "अरे वा" म्हणून मोबाईलकडे वळणं, त्यातले तोटे दाखवणं, आणि विषयच बदलणं. पहिला सोडला तर बाकी तिन्ही नात्याला मारक. २००६ च्या त्यांच्या अभ्यासात तर असं दिसलं की वाईट बातमीला आपण कसा आधार देतो यापेक्षा चांगल्या बातमीला कसा प्रतिसाद देतो यावरून नात्याची तब्येत जास्त कळते. मला हे पटतं. दुःखात सगळेच धावतात हो, कुणी उत्साहाने "हे बघ ना" म्हणत काही दाखवायला आला की आपण कुठे असतो हा प्रश्न आहे. आणि "अरे वा" म्हणून मोबाईलकडे वळणाऱ्यांची कुठली सभा भरली तर पहिल्या रांगेत आमचं अख्खं घर बसेल, तोसुद्धा.

पण मैत्रिणीचं सगळं मी मान्य करणार नाही. कारण २०२१. टोकियो ऑलिम्पिक चालू होतं, ब्रिटनचा तो डायव्हर टॉम डेली, सुवर्णपदक मिळवलेला, प्रेक्षकांत बसून विणकाम करताना टीव्हीवर दिसला, जगभर त्याचे फोटो फिरले. मेडलला ओरखडे पडू नयेत म्हणून त्यानं स्वतः विणलेली छोटी पिशवीही दाखवली होती. आम्ही दोघं ते एकत्र बघत होतो. आणि मी म्हणाले होते, मला पक्कं आठवतंय, "किती मस्त आहे हा, असं काहीतरी हाताने करणारा माणूस हवा घरात." माझ्या शेजारी बसलेल्या माणसाच्या गाडीत त्या क्षणी पिशवी होती. तो काय म्हणाला? "हं." यापेक्षा सोपं दार मी कसं उघडायला हवं होतं? परीक्षा न घेताच मला नापास केलं होतं, आणि एकदा चुकून पेपर समोर आला, मी तो पास झाले, तरी निकाल बदलला नाही. हे मी त्याला असंच्या असं सांगितलं. तो म्हणाला, तोपर्यंत विषय क्रोशाचा राहिलाच नव्हता, इतके दिवस का नाही सांगितलंस याचं उत्तर काय देऊ हा झाला होता. आणि हे उत्तर मला पहिल्यांदा पूर्ण खरं वाटलं. उशीरच पुढच्या उशिराचं कारण होऊन बसतो. पहिल्या महिन्यात सांगितलं असतं तर "अरे वा" वर भागलं असतं, नंतर त्याचं स्पष्टीकरण लागतं, आणखी नंतर माफी लागते, आणि जितकी वर्षं जातात तितकं ते जड होत जातं, आत मात्र तीच लोकर.

पैशाचं म्हणाल तर आमच्याकडे तो मुद्दाच आला नाही, लोकरीला असे किती लागणार. पण एक ओळखीतलं जोडपं आहे, तिथे नवऱ्याला कॅमेऱ्याच्या लेन्सचा नाद, खोकी ऑफिसच्या पत्त्यावर यायची, घरी लेन्स यायची ती बिनखोक्याची, आणि बायकोने विचारलं की "ही? जुनीच तर आहे." बायकोला लेन्समधलं काही कळत नाही याचा हा फायदा. मला हे आमच्या ट्रॅफिकपेक्षा फार वाईट वाटतं, कारण तिथे तिच्या न कळण्याचाच वापर झाला. २०२० मध्ये यावर एक पेपर आला होता, गारबिन्स्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा, जोडीदाराला आवडणार नाही अशी खात्री असताना पैशाचा व्यवहार करायचा आणि मुद्दाम सांगायचा नाही, याला त्यांनी आर्थिक बेइमानी म्हटलंय, आणि ज्यांचा तिकडे कल जास्त ती माणसं बाहेरून काही ओळखू येणार नाही असं पॅकिंग आणि जॉइंटऐवजी स्वतःचं कार्ड पसंत करतात असं त्यात दिसलं. ते वाचलं आणि मला लगेच ती खोकी आठवली. त्या घरात मग काय झालं ते माझं सांगायचं नाही.

आणि नेमका याच्या उलट जाणारा रिसर्चही आहे, तो नवऱ्याने मला मोठ्या आनंदाने शोधून आणून दिला. जोडीदारापासून छोट्या छोट्या गोष्टी लपवून घेणं, वापरणं, हे जवळपास सगळेच करतात, त्याने थोडीशी अपराधी भावना येते, आणि त्या भावनेपोटी माणूस नात्यासाठी थोडं जास्तच करतो, असं ब्रिक, वाइट आणि फिट्झसिमन्स यांच्या अभ्यासात निघालं. "बघ, म्हणजे आपल्या घराचा फायदाच झाला," इति साहेब. आता यावर मी काय बोलणार, कारण खरंच, ज्या दिवशी "ट्रॅफिक" असायचं त्या दिवशी हा आल्या आल्या दोरीवरचे कपडे काढून घड्या घालायचा. मला वाटायचं काय गुणी नवरा! त्या घड्यांचा मला आता वेगळाच हिशोब लागतो. तो पेपर खोटा नसेल, पण त्यातल्या गोष्टी छोट्या होत्या आणि पकडल्या न गेलेल्या होत्या, सापडल्यानंतर काय होतं ते कपड्यांच्या घड्या घालून भरून निघत नाही.

मग पुढे काय केलं असं सगळ्या विचारतात. एकीने सुचवलं तूही शीक, दोघं मिळून विणा, नातं घट्ट होईल. नको. मला ते जमत नाही आणि आवडतही नाही, एकदा सुई हातात घेऊन बघितली, साखळी घालता घालता माझीच बोटं अडकली. शिवाय दोघांनी मिळून काही करण्याचा जो फायदा सांगतात, आर्थर अ‍ॅरन यांच्या २००० च्या प्रयोगांमध्ये जोडप्यांना हातपाय एकत्र बांधून, दोघांच्या मध्ये उशी धरून, रांगत अडथळा पार करायला लावला होता आणि नंतर त्यांना एकमेकांबद्दल बरं वाटलं होतं, तर तो फायदा दोघांनाही नवीन असलेल्या गोष्टीचा आहे. क्रोशा त्याला कुठे नवीन आहे? तिथे तो मास्तर आणि मी ढ विद्यार्थिनी, त्यातून प्रेम वाढत नसतं, अपमान वाढतो. आणि मुख्य म्हणजे ती जागा त्याची आहे. माझी तक्रार मला त्या जागेत घेतलं नाही ही कधीच नव्हती.

म्हणून ठरवलं ते एवढंच की पाऊण तास त्याचा. हॉलमधल्या दिव्याखाली बसायची सक्ती नाही, गाडीत बसायचं तर गाडीत बस, दार लावून बस, मी खाली डोकावणार नाही. फक्त मला "ट्रॅफिक" सांगायचं नाही. आता मेसेज येतो, "खाली आहे, एक ओळ बाकी." एक ओळ म्हणजे किती वेळ ते मला अजून कळलेलं नाही, बहुधा त्यालाही नाही.

विश्वास परत आला का, तर येतोय, तुकड्या तुकड्याने. परवा खरंच रस्त्यात अडकला होता आणि फोनवर "ट्रॅफिक आहे गं" म्हणाला तर दोन्हीकडे एकदम शांतता. मग त्यानं न सांगता समोरच्या गाड्यांच्या रांगेचा फोटो पाठवला. मला तो फोटो आवडला नाही. म्हणजे पुरावा मिळाला हे बरं, पण माझ्या नवऱ्याला मला पुरावा पाठवावासा वाटला हे नाही आवडलं. मी त्याला लिहिलं की फोटो नको पाठवत जाऊस. तर म्हणाला, "मग तू गप्प का झालीस?" बरोबर आहे त्याचं. माझ्याकडे उत्तर नव्हतं, अजूनही नाही. असे पुरावे मागायची आणि द्यायची सवय लागली तर ती सुटणं अवघड, हे दोघांनाही कळतंय, म्हणून सध्या मी गप्प न होण्याची प्रॅक्टिस करतेय आणि तो फोटो न पाठवण्याची.

लोकर मात्र आता घरात आली. त्या चौकोनांची गोधडीएवढी चादर होतेय आणि त्याच्या बढाया ऐकाव्यात तर विचारू नका. १९९७ मध्ये डायना टायमिना या गणितज्ञ बाईंनी भूमितीतला एक असा वक्र पृष्ठभाग, हायपरबोलिक म्हणतात त्याला, चक्क क्रोशाने विणून विद्यार्थ्यांच्या हातात दिला होता, कागदाची मॉडेल्स फाटायची म्हणून. प्रत्येक ओळीत ठरलेल्या अंतराने टाके वाढवत नेले की कापड आपोआप लाटांसारखं वळतं. ही गोष्ट त्यानं मला, मुलीला आणि वॉशिंग मशीन दुरुस्त करायला आलेल्या माणसाला सांगून झाली आहे. एवढं बोलायचं साठलं होतं या माणसाच्या पोटात! मुलीने तर त्याच्याकडून एक कासव विणून घेतलं, पाठ जरा वाकडी आहे, तो म्हणतो ती हायपरबोलिक आहे.

फक्त एक भानगड उरली आहे, आणि ती माझ्या गळ्यात आलीये. आई. म्हणजे त्याच्या आई. त्यांना यातलं काही माहीत नाही आणि त्यांना सांगायचं नाही असं त्याचं म्हणणं, कारण मग वेटिंग रूमचा विषय निघणार, बाबांचा निघणार, त्या रडणार. त्यांचा संध्याकाळी फोन येतो, "आला का गं तो? रोज एवढा उशीर कसा होतो याला?" आणि गेल्या आठवड्यात माझ्याच तोंडून पटकन निघालं, "ट्रॅफिक हो आई." फोन ठेवला आणि मी कपाळावर हात मारून घेतला. किती सोपं आहे ते, जीभ अडखळली सुद्धा नाही.

त्या रात्री त्याला स्पष्ट सांगितलं, तुझं गुपित मला सांगितलंस, बरं केलंस, पण मला त्याचं राखणदार नेमू नकोस. आईंना कधी सांगायचं, किती सांगायचं, बाबांचं काढायचं की नुसतं लोकरीचं, ते तुझं तू ठरव. तो म्हणाला चादर पूर्ण झाली की त्यांना नेऊन देतो आणि तेव्हाच सांगतो. पण कधी पूर्ण होणार विचारलं तर म्हणे कडेला अजून एक रंग घ्यावा असं वाटतंय. मी म्हटलं तू रंग घे नाहीतर इंद्रधनुष्य घे, पुढचा फोन आला की मी तो खाली गाडीत आणून तुझ्याच हातात देणार आहे.